लग्नातलं स्वस्त पण पोटभर जेवण : तुमच्यात काय केलतं?

पेठेतली मावशी
भाचीचं लग्न ठरलंय. काल केटररनं पाठवलेला कागद बघितला. साधं व्हेज ताट ४८० रुपये, पाण्याची बाटली वेगळी, पण 'लाइव्ह पास्ता' मात्र त्यात धरलाय. आमचे कागलचे पाव्हणे पास्ता खाणार व्हय?

तो कागद वाचताना मला थोरल्या दादाचं लग्न आठवलं. कोल्हापुरात शिवाजी पेठेत, गल्लीतच मांडव. आचारी आदल्या दिवशी यायचा, वडिलांच्या हातात सामानाची यादी ठेवायचा आणि सगळा माल लक्ष्मीपुरीतनं हातगाडीवर. रात्री आख्खी गल्ली लसूण सोलत बसलेली. वाढायला तालमीतली पोरं. ती वाढपी असली की पंगतीत 'नको' म्हणायची सोय नसायची, हात आडवा धरला तर हातावर जिलेबी. मेनू म्हणाल तर मसालेभात, वांग्याची भाजी, भजी, मठ्ठा, जिलेबी आणि खपली गव्हाची खीर. बास. ते जेवण अजून लोक काढतात.

तर ज्यांनी कमी पैशात, फार तामझाम न करता लग्न उरकलंय त्यांनी लिहा. आकडे सांगितले तर बरंच, नुसत्या गप्पा मारल्या तरी चालतंय.

गंगावेस कट्टा
४८० ला पास्ता? नाद खुळा.

आचाऱ्याचं पोरगं
वडील आचारी होते, म्हणून चार गोष्टी लिहितो. जेवण दोन प्रकारे ठरतं. एक ताटावर, म्हणजे केटरर सगळं आणणार. दुसरं मजुरीवर, म्हणजे सामान तुमचं, हात आचाऱ्याचा. मजुरीवर स्वस्त पडतं, पण घरातला एक माणूस सामानाच्या मागं पाहिजे. तो नसला तर तेलाचे डबे कुठं जातात कळत नाही.

ताटावर ठरवलं तर 'गॅरंटी' किती ते आधी बोला. ३०० ताटांची गॅरंटी दिली आणि २२० माणसं आली तरी पैसे ३०० चेच. म्हणून आकडा कमी सांगायचा आणि वर किती ताटं वाढवता येतील ते विचारून घ्यायचं. रिकामी ताटं मोजायला आपला माणूस उभा करा. दाजी चालतील, तसंही त्यांना काम नसतं. पक्कं बिल घेतलं तर ५ टक्के जीएसटी धरा. हॉलवाल्याचंच जेवण असेल तर तोही दर विचारून घ्या.

आणि खर्च तांदळात नसतोय. किलोभर तांदळात दहा माणसं जेवतात. खर्च वाढतो तो पदार्थांच्या संख्येनं. प्रत्येक काउंटरला वेगळा माणूस, वेगळं भांडं आणि प्रत्येक भांड्याच्या तळाला उरलेलं. बारा पदार्थ थोडे थोडे करण्यापेक्षा पाच पदार्थ दाबून करा.

रंकाळ्याची सून
@आचाऱ्याचं पोरगं दाजींचं वाचून आमच्या ह्यांनी फोन हिसकावून घेतला. ते चार लग्नांत ताटं मोजायलाच होते 😂

दुधाळीवाली
आम्ही रजिस्टर केलं. सकाळी सह्या, संध्याकाळी कळंब्याजवळ मैत्रिणीच्या गच्चीवर मिसळ. मिसळ, कांदाभजी, ताक आणि शेवटी आइस्क्रीमचा कप. आई म्हणाली, लग्नाला बोलवून नाष्टा घालणार, लोक तोंडात शेण घालतील. मी काय हटलो नाही.

मिसळवाले काका आमच्या ओळखीचे, त्यांनी कटाची दोन पातेली ठेवली. एक आपलं, एक मवाळ. मवाळ पातेल्यापुढं पुण्याच्या पाव्हण्यांची रांग. त्यातल्या एका काकांनी पाव मागितला. त्यांना ब्रेडच्या स्लाइस दिल्यावर ते इकडंतिकडं बघायला लागले, चुकून दुसऱ्याच्या लग्नात आलोय का काय. सासऱ्यांनी दोनदा कट मागून घेतला, डोळ्यातनं पाणी, नाक लाल, पण थांबायचं नाव नाही. आई गप झाली.

फक्त एक सांगते, मिसळ ठेवायची तर संध्याकाळी ठेवा आणि पत्रिकेत तसं लिहा. दुपारी अक्षता टाकून माणूस भाताच्या आशेनं येतंय.

कसबा बावडा
पत्रिकेत 'मिसळ' लिहिलं तर न बोलवलेलेपण येतील.

पुन्हा सुरुवात
आमचं २०२१ च्या एप्रिलातलं. नियम आला, २५ माणसं आणि दोन तास. पत्रिका ४०० वाटून झालेल्या. हॉलवाल्यानं अ‍ॅडव्हान्स परत दिला नाही तो नाहीच. आई आणि आत्यानं घरात पुऱ्या, बटाट्याची भाजी केली, श्रीखंड डेअरीतनं. भटजी धरून २५, म्हणून धाकट्या काकांना गेटवर उभं केलं. त्यांचं ताट बाहेर नेऊन दिलं, तिथंच गाडीच्या सीटवर जेवले. नंतर घरोघरी लाडू-चिवड्याचे बॉक्स वाटले. स्वस्तात झालं, खरं आहे. पण मावसभाऊ अजून भेटला की म्हणतो, 'जेवण राहिलंय.' पोरगं शाळेत जायला लागलं आमचं.

गंगावेस कट्टा
जेवण राहिलंयच की. आम्ही पण मोजतोय.

उचगावकर
सगळे व्हेजचं बोलताय. आमच्यात अक्षतेचं जेवण म्हणजे ट्रेलर. मागनं पूजा, गोंधळ झाला की मटणाचं घालावंच लागतंय, आणि मटणाचा भाव काढू नका, बीपी वाढतं. त्यातल्या त्यात युक्ती म्हणजे रस्सा. आकणी, म्हणजे मटण शिजवलेलं पाणी, दमदार काढायची, पांढरा रस्सा भरपूर करायचा आणि ताट बसायच्या आधी वाट्या फिरवायच्या. दोन-तीन वाट्या पोटात गेल्या की फोडी मागणारा हात जरा सावकाश येतोय. पांढऱ्यात पाणी मात्र वाढवू नका. गेल्या साली एका पाव्हण्यांच्यात वाटीचा तळ दिसत होता.

रंकाळ्याची सून
मावशी, ती खपलीची खीर कशी करायचे सांगा की. मी दोनदा केली, गहू दाताखाली कचकच.

पेठेतली मावशी
गूळ आधी घातला असणार. गहू रात्री भिजवायचा, बोटानं चिरडला जाईपर्यंत शिजवायचा, मग गूळ. गूळ पडला की गहू आहे तिथंच थांबतोय.

आचाऱ्याचं पोरगं
बरोबर. आणि दूध वाटीत वाढताना वरनं, गार झालेलं. उकळत्या गुळात ओतलं की फाटलंच. मोठ्या पातेल्यात आम्ही दूध घालतच नव्हतो, ओलं खोबरं, वेलदोडा आणि वाईच सुंठ.

दुधाळीवाली
बडीशेप पण.

आचाऱ्याचं पोरगं
बडीशेप घरात चालते. लग्नात पोरं निवडून पत्रावळीच्या कडेला लावत बसतात.

कसबा बावडा
मी रविवारी शिरोळला सासुरवाडीला चाललोय. तिकडं शेतकऱ्याकडं खपली मिळते. कुणाला पाहिजे?

रंकाळ्याची सून
मला दोन किलो. सोललेली असली तरच आणा दादा, कांडायला इथं कोण बसणार.

उचगावकर
मला पाच. आणि सासुरवाडीला जाताय तर जेवूनच या, पाव्हणे काय घालतात ते इथं लिहा.