स्त्रिझेनोव्ह म्हणजे नुसता देखणा चेहरा?

तळटीप: काल कुणीतरी सोव्हिएत नट स्त्रिझेनोव्हबद्दल लिहिलं, "ओलेग स्त्रिझेनोव्ह म्हणजे निळे डोळे. नर्गिसबरोबरचा 'परदेसी' सिनेमा सोडला तर त्याने केलं काय?" वाचून डोकंच फिरलं. १९५६ चा 'एक्केचाळिसावा' पाहिलाय का? त्यात तो रशियन यादवी युद्धातल्या क्रांतीविरोधी श्वेत सेनेचा लेफ्टनंट. लाल सेनेची मार्युत्का त्याच्या प्रेमात पडते आणि शेवटी त्याला गोळी घालते. सोव्हिएत प्रेक्षकाला शत्रूसाठी हळहळायला लावणं नुसत्या डोळ्यांचं काम नाही. १९६० च्या 'हुकमाची राणी' या ऑपेरापटात तर गाणारा आवाजही दुसऱ्याचा, सगळा नायक हेर्मान त्याने चेहऱ्यातून उभा केला.

रोखठोक: मीच लिहिलं होतं, आणि आजही तेच म्हणेन. 'युद्ध आणि शांती' सिनेमातला नायक आंद्रेई चालून आला होता, यानेच सोडला. तिखोनोव्ह या दुसऱ्या नटाने केला, सिनेमाला ऑस्कर मिळालं. याला कारकीर्द म्हणायचं?

विंगेतून: त्याला मॉस्को आर्ट थिएटर हवं होतं! माझ्या काकांनी मालिका सोडून प्रायोगिक नाटक धरलं, घरात अजून त्यांना वेडं ठरवतात. असली गणितं ऐकली की तिडीक येते.

चौलकर: 'परदेसी'चं नाव काढलंत म्हणून सांगतो. निकितिन, म्हणजे त्यात स्त्रिझेनोव्हने केलेला रशियन व्यापारी, खरोखर पंधराव्या शतकात आमच्या चौलला उतरला. त्याच्या प्रवासवर्णनात नर्गिसची चंपा औषधालाही नाही. जुन्नरच्या खानाने त्याचा घोडा हिसकावला, "धर्म बदल, घोडा परत देतो, वर हजार मोहरा देतो" म्हणाला, ते आहे. रेवदंड्याला निकितिनचं स्मारक दाखवायला नेलं की पाहुणे विचारतात, "नर्गिसचा हिरो तोच ना?"

विंगेतून: अहो, 'परदेसी'चे दिग्दर्शक अब्बास आणि प्रोनिन सिनेमा काढत होते, बखर लिहीत नव्हते. अनिल विश्वासांचं 'रसिया रे मन बसिया रे' ऐका. चंपा नसती तर निकितिन किती जणांना ठाऊक झाला असता?

चौलकर: खोटं ठाऊक होण्यापेक्षा न झालेलं बरं! परमुलखात एकटा माणूस, घोडा गेलेला, धर्मावर घाला. याहून मोठं नाट्य कुठलं हवं होतं? तुम्हाला गाणीच हवीत.

विंगेतून: गाण्यांना नावं ठेवू नका. माझ्या आईने आयुष्यभर ते गाणं गुणगुणलं.

तळटीप: चौलकर, घोड्याचा वेगळा धागा काढा. इथे प्रश्न स्त्रिझेनोव्हचा आहे.

रोखठोक: 'एक्केचाळिसावा' पाहिला. लेफ्टनंट जबरदस्त आहे, नाही म्हणत नाही. पण म्हणूनच आंद्रेई सोडल्याबद्दल त्याला माफी नाही.