रात्री चार वाजता टीव्हीवर काय पाहिलंत?

अमेरिकेत 'अ‍ॅडल्ट स्विम' नावाचा रात्रीचा कार्यक्रमपट्टा 2001 पासून चालू आहे. त्यातले विचित्र विनोदी कार्यक्रम तुम्हाला पहिल्यांदा कधी, कसे दिसले? सविस्तर लिहा. मीच सुरुवात करते.

ऑक्टोबर 2014. बाळ झोपेना, म्हणून पहाटे चारला टीव्ही लावला. ती इन्फोमर्शियलची, म्हणजे कार्यक्रमासारख्या लांबलचक जाहिरातींची वेळ. लागलं होतं 'टू मेनी कुक्स': जुन्या कौटुंबिक मालिकेचं शीर्षकगीत. नवनवी माणसं येत राहिली, प्रत्येकाचं नाव पडद्यावर झळकत राहिलं आणि गाणं काही संपेना. मग एक कोयतेवाला खुनी शिरला. एक मुलगी त्याच्यापासून लपते, तर तिचं चमकणारं नावच तिचा ठावठिकाणा सांगतं! अकरा मिनिटं मी बाळाला थोपटायचंही विसरले. लहानपणापासून अशी शीर्षकगीतं मी किती विश्वासाने पाहत आले होते, हे त्या रात्री कळलं.

—

माझं 'स्पेस घोस्ट कोस्ट टू कोस्ट', 1994 चं. म्हणजे अ‍ॅडल्ट स्विमच्या आधीचं, पण नंतर तिथेही लागायचं. साठच्या दशकातल्या कार्टूनमधला नायक मुलाखती घेतो. पाहुण्यांची उत्तरं खरी, पण प्रश्न नंतर बदललेले! तेव्हापासून कुठलीही मुलाखत पाहताना कात्री कुठे चालली असेल, ते शोधतो.

—

ताई, त्या इन्फोमर्शियलच्या वेळेबद्दल थोडं. 1984 मध्ये एफसीसीने (अमेरिकेतली प्रसारणावर नियंत्रण ठेवणारी सरकारी संस्था) टीव्हीवरच्या जाहिरातींच्या वेळेची मर्यादा काढली आणि अर्ध्या अर्ध्या तासाच्या जाहिराती सुरू झाल्या. त्या पाहत जागलेल्या पिढीला ही थट्टा लगेच कळते.

—

मला हसू आलंच नाही, पण विसरताही आलं नाही. 'अनएडिटेड फुटेज ऑफ अ बेअर' सुरू होतं अस्वलापासून आणि लगेच औषधाच्या जाहिरातीत घुसतं. हसरी आई, ऊन, मुलं, दुष्परिणामांची यादी. मग ती यादी थांबतच नाही आणि त्या बाईचं आयुष्य विस्कटत जातं. मी स्वतः तेव्हा झोपेच्या गोळ्या घेत होते. अमेरिकेत डॉक्टरी चिठ्ठीच्या औषधांचीही थेट टीव्हीवर जाहिरात चालते. माझ्या गोळ्यांच्या जाहिरातीतही अशीच प्रसन्न बाई होती. दुसऱ्या दिवशी डॉक्टरांना फोन केला आणि पत्रकातली एकेक ओळ वाचून दाखवायला सांगितली. त्यांनी वाचली, वीस मिनिटं.