मासळीचा उपग्रह कळतो, पण मंगळावर यान कशाला?

वेसावकर_नाखवा
नमस्कार मंडळी. आम्ही वेसाव्याचे कोळी, घरची बोट आहे, मोठा भाऊ बोट चालवतो. त्याला मोबाईलवर हैदराबादच्या इन्कॉइसचा, म्हणजे समुद्राची माहिती देणाऱ्या सरकारी संस्थेचा, अंदाज येतो, कुठल्या पट्ट्यात मासळी लागायची शक्यता आहे, किनाऱ्यापासून किती लांब, किती खोल पाणी, सगळं असतं त्यात. वादळाचं तर सांगायलाच नको, ३ जून २०२० ला निसर्ग रायगडच्या किनाऱ्यावर आदळलं पण ते येतंय हे वरून आधीच दिसत होतं म्हणून बोटींना माघारी बोलावता आलं. त्यामुळे उपग्रह कशाला हवेत हे मला पटवून द्यायची गरज नाही. प्रश्न त्याच्या पुढचा आहे. चंद्र, मंगळ, सूर्य इथे यानं पाठवून माणसाला नक्की काय मिळतं? नववीतल्या पुतणीने विचारलंय. देशाची शान वगैरे आहेच, २३ ऑगस्ट २०२३ ला चांद्रयान उतरलं तेव्हा आमची आख्खी गल्ली नाचली, पण पोरीला त्याच्या पलीकडचं उत्तर पाहिजे आणि मलाही.

कुलाबा_टू_कर्जत
दादा, पुतणीला थुंब्याचं सांगा. केरळात तिरुवनंतपुरमजवळ, तुमच्यासारखंच मच्छीमारांचं गाव. पृथ्वीचं चुंबकीय विषुववृत्त त्याच्या अगदी जवळून जातं, आणि त्या रेषेवर साधारण १०० किलोमीटर उंचीवर दिवसा एक विजेचा प्रवाह वाहत असतो. तो अभ्यासायचा होता, बस्स. आपल्या कुलाब्याला आज जी टीआयएफआर ही विज्ञान संशोधन संस्था आहे ती काढणारे होमी भाभा आणि विक्रम साराभाई दोघंही मूळचे कॉस्मिक किरणांवर काम करणारे, म्हणजे बाहेरून पृथ्वीवर काय येऊन आदळतं हे शोधणारे, त्या वेळी त्याचा कोणाच्या पोटापाण्याशी काडीचा संबंध नव्हता. १९६२ मध्ये अणुऊर्जा विभागाखाली अवकाश संशोधनाची समिती झाली, साराभाई प्रमुख, थुंबा ठरलं. तिथल्या लोकांनी गाव सोडलं, बिशपनी सेंट मेरी मॅग्डलीनचं चर्चसुद्धा देऊन टाकलं, आज त्या चर्चमध्ये अवकाश संग्रहालय आहे. २१ नोव्हेंबर १९६३ ला पहिलं रॉकेट उडालं, तेही अमेरिकेने दिलेलं.

आता पुढचं बघा. त्याच माणसांनी, त्यांनी तयार केलेल्या पोरांनी पुढे इस्रो उभी केली, आणि १९९९ ला ओशनसॅट गेला ज्याचं काम समुद्राच्या पाण्याचा रंग बघणं. रंगावरून पाण्यातलं हरितद्रव्य कळतं, म्हणजे सूक्ष्म वनस्पती कुठे आहेत ते, त्या खायला बारीक जीव येतात आणि त्यांच्या मागे मासळी. तुमच्या भावाच्या मोबाईलवरचा अंदाज अशाच उपग्रहांच्या माहितीवर चालतो. मधे ३६ वर्षं गेली. १९६३ मध्ये साराभाईंना कोणी विचारलं असतं की यातून मासळीचा नकाशा निघणार का, तर कोणालाच हो म्हणता आलं नसतं. म्हणून मला वाटतं मंगळाला "काय उपयोग" हे आज विचारण्यात अर्थ नाही, उपयोग ज्यांना सुचतो ती माणसं आधी अशा बिनउपयोगी वाटणाऱ्या प्रश्नांवरच घडतात. चंद्र कोरडा ठणठणीत असं कित्येक वर्षं धरून चाललेलं, २००९ मध्ये चांद्रयान १ वरच्या नासाच्या उपकरणाने तिथल्या मातीत पाण्याच्या खुणा दाखवल्या आणि आता सगळ्या देशांना दक्षिण ध्रुवाकडे जायचंय.

गिरगावची_मीरा
वरचं सगळं खरं पण सगळं फिरून उपयोगावरच यायला हवं का? १९७७ च्या ५ सप्टेंबरला नासाचं व्हॉयेजर १ यान निघालं, त्यावर सोन्याचा मुलामा दिलेली एक तबकडी आहे, तिच्यात गायिका केसरबाई केरकरांची भैरवी आहे. केसरबाई इथेच मुंबईत राहायच्या, यान सुटल्यावर ११ दिवसांनी, १६ सप्टेंबरला वारल्या. ५५ भाषांतले नमस्कार आहेत त्यात, मराठीही आहे. यान २०१२ मध्ये सूर्याच्या प्रभावाचा पट्टा ओलांडून बाहेर पडलं, आता त्याला इथून संदेश पोचायला २२ तासांच्या वर लागतात. ती तबकडी कोणाला सापडेल न सापडेल, पण ती बनवताना कोणाला तरी बसून ठरवावं लागलं ना की आख्ख्या माणूसजातीतर्फे काय पाठवायचं, आणि त्यात तोफा, झेंडे न पाठवता पोरांची रडणी, पावसाचा आवाज, वेगवेगळ्या देशांतलं गाणं पाठवलं. माझ्यासाठी हे खूप मोठं आहे. सगळे मिळून आपण एक आहोत असा विचार करायला भाग पाडणारी कामं फार थोडी आहेत.

वेसावकर_नाखवा
@कुलाबा_टू_कर्जत थुंब्याचं माहीतच नव्हतं, आत्ताच घरी वाचून दाखवलं. भाऊ लगेच म्हणाला, ज्यांनी गाव सोडलं त्यांना काय मिळालं?

मानखुर्द_शाळावाली
नाखवादादा, तुमच्या भावाचा प्रश्न मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. पैशाचं रडगाणं मी लावणार नाही, २०२५-२६ ला आख्ख्या देशाच्या अवकाश विभागाला १३,४०० कोटींच्या आसपास आणि एकट्या मुंबई पालिकेचं बजेट ७४ हजार कोटींच्या वर, त्यामुळे माझ्या शाळेसमोरचं गटार चांद्रयानामुळे तुंबत नाही हे मला ठाऊक आहे. काळजी वेगळीच आहे. १९६७ च्या आंतरराष्ट्रीय अवकाश करारात लिहिलंय की चंद्रावर कुठल्याच देशाला मालकी सांगता येणार नाही. पण २०१५ मध्ये अमेरिकेने कायदा केला की तिथून काढलेलं खनिज ज्या कंपनीने काढलं तिचं. समुद्राचं तुम्ही बघितलंय, समुद्र सगळ्यांचा म्हणायचं आणि पर्ससीनची प्रचंड जाळी टाकणाऱ्या मोठ्या बोटवाल्यांनी येऊन खरवडून न्यायचं, तसंच वर व्हायला नको. मीराताई म्हणतात तसं एक माणूसजात म्हणून जायचं असेल तर वाटणीचे नियम आधी ठरले पाहिजेत, आणि ते ठरवताना ज्यांच्याकडे रॉकेट नाही त्या देशांनाही बसवलं पाहिजे. जून २०२३ मध्ये भारताने आर्टेमिस करारावर, म्हणजे चंद्रमोहिमांसाठी अमेरिकेच्या पुढाकाराने झालेल्या करारावर, सही केली, त्यात खनिज काढणं म्हणजे मालकी सांगणं नव्हे असा अर्थ घेतलाय. चंद्रावर उतरायच्या दोनच महिने आधीची गोष्ट आहे ही, आणि आपल्यात त्यावर बोलणं जवळपास झालंच नाही. यावर मराठीत कोणी सविस्तर लिहिलं असेल तर इथे टाका प्लीज, मला आठवी-नववीच्या पोरांबरोबर बसून वाचायचंय.