किचनच्या छज्ज्याखाली गांधीलमाश्यांचं पोळं, फवारा न मारता कसं काढावं?

भांडुपची_सून
भांडुप पश्चिमेला जुनी बिल्डिंग, तिसरा मजला. किचनच्या खिडकीबाहेर छज्ज्याला खालून गांधीलमाश्यांनी पोळं केलंय. आधी एकटीच माशी दिसायची, आता बशीएवढं झालंय आणि त्यावर सात-आठ जणी ठाण मांडून असतात. कपडे वाळत घालायच्या दोऱ्या तिथेच. सासूबाईंना दमा आहे. पेस्ट कंट्रोलवाला म्हणतो, फवारतो, चार तास बाहेर जा. त्यांना घेऊन चार तास कुठे जाऊ? वॉचमनकाका मशाल पेटवायला एका पायावर तयार आहेत. केमिकलशिवाय कुणी काढलंय का?

गच्चीवरचा_माळी
ताई, मशाल अजिबात नको. शेजारून गॅसची पाइप जात असेल, वर कुणाच्या एसीची वायर. काकांना चहा पाजा आणि खाली पाठवा.

आधी ग्रिलच्या आतून पोळं नीट बघा. खण उघडे दिसतात, उलट्या छत्रीसारखं एका बारीक देठावर लटकलंय? मग ती साधी, कागदाचं पोळं करणारी गांधीलमाशी. बाहेरून आवरण घातलेलं बंद पोळं असेल आणि माशी मोठी, काळी, पोटावर रुंद पिवळा पट्टा असलेली असेल, तर हात लावू नका, जाणकार माणूसच बोलवा.

सगळी मेख त्या देठात आहे. मुंग्या चढू नयेत म्हणून माशी आपल्या पोटातून निघणारा द्रव त्याला चोपडते. सगळं पोळं तोलून धरणारा तेवढाच एक धागा. तो तुटला की काम झालं.

अंधार पडल्यावर करा, तेव्हा बहुतेक सगळ्या पोळ्यावर बसलेल्या असतात आणि सहसा उडत नाहीत. किचनचा दिवा मात्र बंद, नाहीतर थेट उजेडावर येतील. टॉर्चला लाल जिलेटिन पेपर लावा, लाल रंग त्यांना जवळजवळ दिसत नाही. पूर्ण बाह्यांचा शर्ट, डोक्याला ओढणी. खाली कुणी उभं नाही ना ते बघून घ्या. मग स्प्रेच्या बाटलीतून भांड्याच्या साबणाचं पाणी मारून त्यांना चिंब भिजवा. अंगावरच्या श्वासाच्या छिद्रांत ते पाणी शिरलं की त्या पटापट गळून पडतात. साबणालाही केमिकल म्हणायचं तर म्हणा, पण त्यासाठी चार तास घराबाहेर जावं लागत नाही. लगेच जळमटं काढायच्या लांब काठीने देठ खरवडा आणि स्लायडिंग ओढून घ्या. खिडकीबाहेर वाकायचं नाही, स्टुलावर चढायचं नाही.

दोऱ्या दुसरीकडे नेता येत असतील तर मी म्हणेन, राहू द्या. माझ्या मुलुंडच्या गच्चीत लिंबाच्या पानांवर अळ्या होतात. गांधील येते, अळी चावून तिचा गोळा करते आणि पिल्लांना नेऊन भरवते. दुपारी सामसूम असली की जुन्या बांबूवर बसून लाकूड खरवडताना तिचा करकर आवाज ऐकू येतो. त्याचाच लगदा करून ती हे खण बांधते.

रात्रपाळी_नर्स
चावलीच तर काटा शोधत बसू नका. मधमाशीसारखा तिचा काटा आपल्या अंगात राहत नाही, म्हणूनच ती पुन्हा पुन्हा डंख मारू शकते. साबणाने धुवा, बर्फ लावा. चुना-बिना नको. ओठ सुजले, अंगभर पित्त उठलं किंवा श्वास अडकायला लागला तर घरगुती उपाय करत बसायचं नाही, 108 ला फोन.

बोरिवली_लोकल
तपकिरी कागदाची पिशवी फुगवून टांगायची, दुसऱ्याचं पोळं समजून त्या येत नाहीत असं वाचलंय. आणि थंडीत आपोआप मरतात ना?

गच्चीवरचा_माळी
पिशवी टांगून पाहिली आहे, तिच्या शेजारीच नवं पोळं झालं. थंडीचं गणित बर्फाच्या देशातलं. बंगळुरूत शास्त्रज्ञ राघवेंद्र गदगकरांनी गांधीलमाशीच्या ज्या रोपालिडिया मार्जिनाटा जातीचा अनेक वर्षं अभ्यास केला, ती वर्षभर नवी पोळी सुरू करते. मुंबईत तर स्वेटर कपाटातच राहतो, त्या कशाला मरतायत?

चाळकरी
आमच्या गिरगावात स्विचबोर्डाच्या भोकांत मातीची घरं करणारी कुंभारीण असते. ती एकटीच राहते, आत कोळी भरून ठेवते, उगाच कुणाच्या वाटेला जात नाही. तिला या भानगडीत ओढू नका.

भांडुपची_सून
काढलं! नवऱ्याने बाटली धरली, मी काठी. सकाळी दोघी-तिघी मात्र त्याच जागेवर घिरट्या घालतायत, हे नॉर्मल आहे का?

गच्चीवरचा_माळी
हो, बाहेर राहिलेल्या असतील. दोन-चार दिवस शोधतील. तोवर कपडे घरात वाळवा. देठाचा ठिपका खरवडून, काठीला फडकं बांधून तिथे एरंडेल चोपडा, म्हणजे नवा देठ चिकटायचा नाही. पावसाने धुतलं की पुन्हा लावा. एकटी माशी परत बसलेली दिसली तर खण वाढेपर्यंत थांबू नका, त्याच संध्याकाळी काठी फिरवा.