मॉरिशसच्या शाळांचं कौतुक आवरा

खडूस_मास्तर: ‘मॉरिशसकडून शिका! शाळा फुकट, बस फुकट, वर मराठीसुद्धा!’ कालची ही पोस्ट वाचून डोकं फिरलं. माध्यमिक शिक्षण १९७७ पासून मोफत, विद्यार्थ्यांना बस २००५ पासून मोफत, मान्य. पण सहावीच्या परीक्षेपायी पोरं शाळा सुटली की शिकवणीला पळतात, ती कोण फुकट देतं? घरी क्रिओल ही बोली, पुस्तकं इंग्रजीत. ज्या शाळांचा निकाल वर्षानुवर्षं खाली, त्यांना ‘प्राधान्य क्षेत्र’ असं गोंडस नाव. तिथे बहुतेक कुणाची पोरं? आफ्रिकी गुलामांच्या वंशजांच्या, म्हणजे गरीब क्रिओल वस्त्यांतली.

बारक्या_शेठ: नोकरीनिमित्त मॉरिशसमधल्या कात्र बोर्न गावी राहिलोय. शेजारच्या ड्रायव्हरची मुलगी तिथल्या नामांकित रॉयल कॉलेजच्या तोडीच्या शाळेत शिकून सरकारी शिष्यवृत्तीवर लंडनला गेली. उसाशिवाय काही नसलेल्या बेटावर गिरमिटियांची, म्हणजे करारावर नेलेल्या भारतीय मजुरांची, पतवंडं डॉक्टर झाली, ती याच शाळांतून.

खडूस_मास्तर: गिरमिटियांची झाली हो. गुलामांची पतवंडं किती झाली? आणि त्या मुलीला शिकवणी होती का, तेही सांगा.

बारक्या_शेठ: होती. वर्गशिक्षकाकडेच. मग?

खडूस_मास्तर: मग काही नाही. माझंच म्हणणं तुम्ही टाइप केलंत, आभार.

रत्नांग्रीची_सून: भांडा तुम्ही. तिथली सरकारी शाळा मराठी शिकवते हे काय कमी आहे? आपल्याकडे २०२० चा मराठी सक्तीचा कायदा असून माझ्या भाचीच्या पुण्यातल्या शाळेत मराठीच्या तासाला गणिताची उजळणी चालायची. मराठीच्या बाई विचारायला गेल्या तर म्हणे ‘मराठीला गुण कुठे, ग्रेडच तर द्यायची आहे’!

उडपी_नव्हे_उडाणटप्पू: झालं, पुणे आलं!! अहो ताई, तिथे मराठी, हिंदी, तमिळ, उर्दू सगळ्यांना तास होते. अख्खं बेट बोलतं त्या क्रिओलला शाळेत विषय व्हायला २०१२ उजाडलं. १९९५ साली मराठी-हिंदीसारख्या पौर्वात्य भाषांचे गुण सहावीच्या परीक्षेच्या क्रमवारीत धरायचे की नाही, यावरून संसद बरखास्त झाली. सत्ताधाऱ्यांना मुख्य बेटावरच्या ६० पैकी एकही जागा मिळाली नाही.

रत्नांग्रीची_सून: म्हणजे मराठी बंद करायची? कोकणातून गेलेल्यांनी ऊस तोडत भाषा टिकवली, ती क्रिओलसाठी सोडायची?

उडपी_नव्हे_उडाणटप्पू: कुठे म्हटलं मी तसं? वाचता तरी का?

बारक्या_शेठ: मास्तर, शिकवणीचं तुमचं खरं. आता लातूरच्या क्लासेसवरही एक पोस्ट टाका, बघू हिंमत.

खडूस_मास्तर: माझा मुलगा तिथेच आहे. फीची पावती चिकटवू?