मदत हवी आहे: बॉक्सिंगमध्ये क्रॉस (मागच्या हाताचा सरळ ठोसा) मारला की मनगट मुडपतं
कोथरूडला गच्चीवर 30 किलोची बॅग टांगली आहे. जॅब (पुढच्या हाताचा सरळ ठोसा) छान बसतो, पण उजवा क्रॉस जोरात मारला की मनगट मुडपतं आणि करंगळीकडचं हाड ठणकतं. मार तर्जनी-मधल्या बोटांच्या हाडांवर यायला हवा, तिथली कातडी मात्र कोरी, म्हणजे मार तिथे बसतच नाही! 180 इंची पट्टी, मनगटाला चार वेढे, ग्लव्हज 12 औंसचे. एक्स-रे काढलाय, फ्रॅक्चर नाही. जोर निम्मा केला की दुखत नाही. वीतभर मागे सरकून काही फरक नाही. मागची टाच नीट वळते, पण व्हिडिओत ठोसा निघतानाच कोपर बाहेर फाकलेलं दिसतं. (आरशासमोर सावकाश मारताना सगळं शहाण्यासारखं सरळ!) यासाठी उजवी बाजू भिंतीला लावून क्रॉसचा सराव पुरेल, की मूठच उशिरा, शेवटच्या क्षणी वळवायची?