सॅलीच्या किंकाळ्या: भीती की छळ?

रानजाई (धागाकर्ती)
'द टेक्सास चेनसॉ मॅसॅकर' (1974) परवा एकदाचा पूर्ण पाहिला. पाच तरुण, टेक्सासमधलं आडरानातलं घर, माणसं कापणारं कुटुंब, आणि शेवटी एकटी उरलेली सॅली. टोबी हूपरने दीड लाख डॉलरच्या आसपास खर्चात, 16 मिमी कॅमेऱ्यावर केलेलं हे काम भक्कम आहे, वाद नाही. पण शेवटचा बराच वेळ एक बाई नुसती किंचाळते. खुर्चीला बांधलेली सॅली आणि तिच्या बुबुळापर्यंत घुसणारा कॅमेरा पाहताना माझी घुसमट झाली.

नंतर कळलं ते आणखी वाईट. त्या कुटुंबातल्या म्हाताऱ्याला सॅलीच्या बोटाचं रक्त पाजतात, त्या प्रसंगात सुरीमागच्या नळीतून नकली रक्त येईना. शेवटी लेदरफेस (करवतवाला खुनी) झालेल्या गुनार हॅन्सनने सॅली झालेल्या मेरिलिन बर्न्सचं बोट खरंच कापलं. हे त्यानेच पुढे सांगितलंय. याला आपण कमी बजेटची कमाल म्हणायचं?

काळोखे
असहमत. रक्त जवळजवळ नाहीच यात. हुकाचा प्रसंग आठवा: हूक पाठीत शिरताना दिसत नाही. मुलगी लटकते, खाली टब ठेवलेला दिसतो, बाकीचं आपलं डोकं करतं. ब्रिटनमध्ये 1975 साली प्रमाणपत्र नाकारलं, ते मिळायला 1999 उजाडलं, कारण कात्री लावायची तरी कुठे? भीती आवाजात आणि त्या उन्हात आहे. शिवाय वाचते कोण? सॅलीच ना!

रानजाई
काळोखे, पडद्यावर रक्त किती हा माझा मुद्दाच नाही. बोट कुणाचं कापलं गेलं, ते विचारतेय.

बूमवाली
मी शॉर्टफिल्मच्या सेटवर साउंड करते, म्हणून लिहिल्याशिवाय राहवेना. सॅली खुर्चीला बांधलेली असते, त्या जेवणाच्या प्रसंगाचं शूटिंग चोवीस तासांहून जास्त सलग चाललं. ऐन उन्हाळा, रात्र वाटावी म्हणून खिडक्या झाकलेल्या, लाइटखाली सडणारं मांस आणि हाडं. लोक बाहेर जाऊन ओकत होते. सिनेमाने पुढे कोट्यवधी डॉलर कमावले, कलाकारांच्या हातात मात्र फारच थोडे पडले.

आमच्याकडे वेगळं नाही. एका शूटला डिसेंबरात पहाटे तीनला टँकरचा पाऊस पाडला. दोन शॉटच्या मध्ये नायिकेच्या अंगावर टाकायला एकच सतरंजी, तीही केबलखालून ओढून आणलेली. तिचे दात वाजत होते, ते माझ्या हेडफोनमध्ये ऐकू येत होतं. दिग्दर्शक म्हणाला, "छान, खरं वाटतंय." बजेट नाही म्हटलं की पहिली झळ नटीलाच का?

बांधावरून
मला वेगळंच खुपतं. शहरातली पोरं चांगली आणि खेड्यातला गरीब माणूस नरभक्षक, हे कुठवर बघायचं? त्यातल्या त्यात हूपरने एक धागा ठेवलाय. ते कुटुंब कत्तलखान्यात राबलेलं आहे. हातोड्याच्या जागी गुरं मारायची एअर गन आली आणि माणसांचं काम गेलं, हे वाटेत लिफ्ट मागून गाडीत बसलेला त्या कुटुंबातला पोरगा बोलून दाखवतो. पण दोन वाक्यांत विषय संपतो. आपल्या 'लपाछपी' या मराठी भयपटात गरोदर बाई उसाच्या फडात अडकते, तिथली भीती मुलींना मारणाऱ्या घरांतून येते. तो राग मला पटतो, कारण ते गुन्हे आपल्याच गावांत घडलेत.

काळोखे
बूमवालीताई, बोटाचं आणि त्या चोवीस तासांचं समर्थन मी करणार नाही, आधी तो मुद्दा टाळला हे चुकलंच. पण सिनेमा बाईच्या छळाची मजा घेतो, हे अजूनही मान्य नाही. शेवटी पिकअप ट्रकच्या मागच्या हौद्यात रक्ताने माखलेली सॅली हसते ना, तो शॉट पुन्हा बघा.

रानजाई
आत्ताच पाहिला, दोनदा. आधी रडणं, मग ते हसू, आणि मागे रस्त्यावर करवत फिरवणारा तो लहान होत जातो. अंगावर काटा आला, खोटं कशाला बोलू? पण त्या हसण्याचं श्रेय मी मेरिलिन बर्न्सला देईन. सिनेमाचं कौतुक करताना तुम्ही सगळे हूपरचं नाव घेता. या धाग्यावर तिचं नाव माझ्याशिवाय एकानेही लिहिलेलं नाही.